दोन दारांच्या मध्ये

आई, मी इंग्रजी शिकायला लागलेय. या वयात, हो. हसायचं तर हस, तुला आता कोण अडवतंय. चेन्नईत वेलचेरीला लेकाच्या फ्लॅटमध्ये राहते, दोन वर्षं झाली. तुझे जावई गेले, गावाकडची खोली दिरानं घेतली, मग लेक मला इकडे घेऊन आला. खाली सोसायटीच्या खोलीत एक रिटायर झालेली मिस आम्हा बायकांना शिकवते. सध्या रिपोर्टेड स्पीच चाललंय. म्हणजे एकानं बोललेलं दुसऱ्याला कसं सांगायचं ते. तो 'आज' म्हणाला असेल तर आपण 'त्या दिवशी' म्हणायचं, 'इथं'चं 'तिथं' करायचं, आणि सगळं बोलणं एक पायरी मागं ढकलायचं. बाकीच्या बायका डोकं धरून बसतात. मला आठवड्यात जमलं. मिस विचारते, "अम्मा, हे आधी कुठं शिकलात?" काय सांगू तिला? आमच्या स्वयंपाकघरात?

तू चुलीपाशी, आबा बाहेर ओट्यावर, मधे चार पावलं. तुमचा अबोला कधी सुरू झाला कुणास ठाऊक, मला कळायला लागलं तेव्हा तो होताच. "तुझ्या बापाला विचार, भाकरी थापू का भात टाकू." आबांना ते ऐकू गेलेलंच असायचं. तरी मी जायचं, सांगायचं. ते म्हणायचे, "काहीपण कर म्हणावं." मी परत आत. एकदा कंटाळून मी चुलीपाशीच उभी राहून ओरडले, "आबा, ऐकलंत ना?" तर तू पळी हाणलीस पाठीत. "जाऊन सांगायला पाय मोडलेत का तुझे?" तो राग माझ्यावरचा नव्हता, हे आता कळतं. पण पाठ माझीच होती.

आता इथं तेच चाललंय. लेक आणि सून, दोघं कंप्युटरवाले, दोघंही घरूनच काम करतात. ती तमिळ, तिला मराठी येत नाही, मला तमिळ येतं ते भाजीवालीपुरतं. चार महिने झाले, एकमेकांशी बोलत नाहीत. तो हॉलमध्ये लॅपटॉप घेऊन, ती बेडरूममध्ये. "अरे, फोनवर लिहा की," मी म्हटलं. लेक म्हणतो, "लिहिलेलं राहतं, आई. उद्या वकिलाला दाखवेल." झालं. मी आहेच मग. सुरुवातीला फार घोळ व्हायचा. 'मी जेवणार नाही म्हणावं', असं तो म्हणाला, आणि मी जाऊन सांगितलं, "आय नो ईट." सुनेला वाटलं माझाच उपास. बिचारी खाली पळाली आणि डझनभर केळी घेऊन आली. मग तिनंच माझं नाव क्लासात घातलं. वाईट नाही गं ती. मला अत्तै म्हणते, म्हणजे त्यांच्यात सासूबाई, चहा हातात आणून देते.

परवा सकाळी तिच्या पलंगावर बॅग उघडी. कपडे भरता भरता, मागं न बघता म्हणाली, "अत्तै, टेल हिम, आय ॲम गोइंग टू माय मदर." आईकडे चालली होती. तिनं राहावं असं वाटत असेल तर त्यानं तसं म्हणावं, हेही तिनं सांगितलं. मी हॉलमध्ये जाऊन जसंच्या तसं सांगितलं. लेकानं मान वर केली नाही.

"जा म्हणावं. परत यायची गरज नाही."

"तूच जाऊन सांग की."

"आई, कटकट नको. कॉल आहे माझा."

मी मधल्या बोळात उभी राहिले. इकडे त्याचं दार, तिकडे तिचं. हे तिच्यापर्यंत पोचलं की घर मोडणार. मोडलं की मी कुठं जाऊ? दिराच्या दारात? आत गेले आणि म्हटलं, "ही सेड दॅट ही वॉन्टेड यू टू स्टे." तू राहा म्हणाला. एका दमात, एक चूक नाही. ती मटकन पलंगावर बसली. "रियली, अत्तै? ही सेड दॅट?" मी म्हटलं, येस. बॅग परत कपाटावर गेली. संध्याकाळी लेकानं विचारलं, "गेली नाही ती? काय म्हणाली?" मी म्हटलं, "चुकलं म्हणाली." त्या रात्री तो जेवायला उठून आला.

आता दोघं वाट बघतायत, दुसरा येऊन तोंडानं बोलेल म्हणून. बोलले तर मी पकडली जाते. नाही बोलले तर मरेपर्यंत मी या बोळातच. मिस सांगते, शब्द बदला, अर्थ बदलायचा नाही. तिला कुठं या घरात राहायचंय.

हा कागद कुठं जायचा नाही, क्लासच्या वहीतच राहील, म्हणून लिहिते. मला चौथीनंतर शाळेतून काढलं. कुणी विचारलं की मी सांगते, आईबापानं काढलं. त्या दिवशी तू मला आबांकडे पाठवलंस, पोरीला पाचवीला घालायचं का विचार म्हणून. ते चपलेचा अंगठा शिवत बसले होते. म्हणाले, "घाल म्हणावं. शिकू दे तिला." पाचवीची शाळा दुसऱ्या गावाला, मी दिवसभर घरात नसणार. मी नसताना तुम्ही दोघं समोरासमोर आलात तर काय होईल, याची मला भीती वाटली. मी तुला येऊन सांगितलं, आबा नको म्हणतात. आबांना जाऊन सांगितलं, आई नको म्हणते. तू चुलीकडं तोंड करून रडलीस, आणि तो राग शेवटपर्यंत त्यांच्यावर धरलास. त्यांनीही तुझ्यावर धरला. आबा नको म्हणाले नव्हते, आई. ते मी म्हणाले होते.