फ्राऊ केलरच्या भिंतीवरचा घोडा

प्रिय आई,

जर्मनीतल्या लुडविग्सहाफेनच्या त्या स्वयंपाकघरात तुम्ही स्टुलावर बसून लसूण सोलत होतात, आठवतंय? पायांवर माझी शाल, शालीवर यांचा ओव्हरकोट आणि ओव्हरकोटावर घरमालकिणीचा कुत्रा. मी आठव्या महिन्याचं पोट सांभाळत बटाटे चिरत होते. खिडकीतून कारखान्याची धुराडी दिसत होती. तुम्ही बराच वेळ त्यांच्याकडे बघितलंत आणि म्हणालात, "एवढा धूर निघतोय, पण फोडणीचा वास म्हणून नाही." मग दोघीही परत आपापल्या कामाला लागलो.

तुम्ही होतात तेव्हा मी 'तीर्थस्वरूप सासूबाईंस' अशी सुरुवात करत असे. 'प्रिय' लिहायचा धीर तुम्ही गेल्यानंतर आला. रागावू नका.

आज लिहितेय कारण आम्ही घर बदलतोय. मुलं पांगली, यांचे गुडघे जिने चढायला नाही म्हणतात, म्हणून तळमजल्यावरची दोन खोल्यांची छोटी जागा घेतली आहे. सगळं वाटून टाकायचं आहे. काल भिंतीवरून आपल्या घरमालकीणबाई फ्राऊ केलर मला देऊन गेल्या ती दोन्ही चित्रं उतरवली आणि वाटलं, तुम्ही इथे येण्याआधी काय घडलं ते तुम्हाला कुणी धड सांगितलंच नाही. तुमची बाजू मी खूप ऐकली. आता माझी ऐका.

माझ्याबद्दल तुमचं मत पाहायला आलात तेव्हाच झालं होतं. मुलगी चांगली आहे, पण पुण्याच्या कॉन्व्हेंटात शिकलेली. तिच्या गुडघ्यांना वाकायची सवय वेगळ्याच देवापुढे लागलीय, असं तुम्ही मावशींना म्हणालात. मी पडद्यामागे पोह्यांवर खोबरं घालत होते. एक दिवस ही माझ्या बाळूला बाटवणार, ही भीती तुम्ही लग्नात अक्षता टाकतानाही सोडली नव्हती. खरं ना?

आणि मग आम्ही इथे आलो, हे रंगांच्या रसायनांवर डॉक्टरेट करायला आणि मी यांच्यासाठी भात शिजवायला. युद्धात निम्मं गाव पडलेलं, खोली मिळणं म्हणजे नवसाचंच काम. फ्राऊ केलरनी आम्हाला ठेवून घेतलं ते यांच्या हुशारीमुळे नव्हे. मी कॉन्व्हेंटात शिकलेय हे ऐकून त्यांनी दार उघडलं. आता बोला!

खोलीत पलंगाच्या वर एक भलंथोरलं चित्र होतं. त्यांच्या नवऱ्याने लग्नानंतर रोमच्या यात्रेहून आणलेलं. नवरा युद्धावरून परतला नाही, चित्र राहिलं. एका इटालियन चित्रकाराच्या जुन्या चित्राची छपाई होती ती. चित्रभर एक कबरा घोडा, तोही पाठ आपल्याकडे करून. त्याचा लगाम धरलेला एक म्हातारा. आणि घोड्याच्या पायांशी एक तरुण उताणा पडलेला, डोळे मिटलेले, दोन्ही हात वर पसरलेले. देव कुठेच नाही, फक्त उजेड.

मी पहिल्या रात्रीच यांना सांगितलं की हा संत पॉल. ख्रिस्ताच्या भक्तांना पकडायला निघाला होता, वाटेत आकाशातून उजेड पडला, हा कोसळला आणि उठला तो भक्त होऊन. आमच्या सिस्टर बर्नाडेट ही गोष्ट सांगताना एक तळटीप कायम जोडायच्या, की बायबलात घोडा नाही हं मुलींनो, घोडा चित्रकारांनी आणला. यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "घोड्याचं ढुंगण आपल्याकडेच का?"

बाहेर कॉरिडॉरमध्ये त्याच चित्रकाराचं, त्याच प्रसंगाचं दुसरं चित्र होतं. आधी काढलेलं. त्यात नुसती गर्दी. वरून ख्रिस्त आणि देवदूत झेपावतायत, घोडा उधळलाय, शिपाई भाला सरसावतोय आणि खाली दाढीवाला पॉल दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतोय. रात्री न्हाणीघराकडे जाताना मला ते चित्र बघून दचकायला व्हायचं.

त्या मार्गशीर्षात तुमचं पार्सल आलं. तुमचा हात मोडला होता, म्हणून यंदा चंपाषष्ठीची तळी तू तिथे भर असा यांना हुकूम होता. हळद पाठवलीत, सुपाऱ्या पाठवल्यात, ताम्हण पाठवलंत. देव पाठवायचा राहिला! खंडोबाचा साधा फोटोसुद्धा नाही.

पुण्यात कधी निरांजन न लावणारे हे परदेशात एकदम कट्टर झाले. पलंगावर उभे राहून चित्राकडे बघत म्हणाले, "घोडा आहे. घोड्याखाली राक्षस पडलाय. लगाम धरलेला म्हातारा म्हणजे खंडोबाचा हेगडी प्रधान. अजून काय पाहिजे?"

मी म्हटलं, "देव पाहिजे."

"देव आत्ताच खाली उतरलाय."

झालं. वांगी त्या काळात जर्मनीत कुणी पाहिली नव्हती, म्हणून बटाट्यांचं भरीत केलं. कांद्याच्या पातीऐवजी लीक नावाचा दांडगा कांदा घेतला. बाजरीच्या रोडग्याच्या जागी इथला काळा पाव. नारळाच्या जागी एक कोहळ्याएवढा नवलकोल. तळी उचलायला निदान तीन पुरुष हवेत. हे एक, कार्ल्सरूहेहून बापट नावाचा विद्यार्थी आला तो दुसरा आणि तिसरे माळ्यावरच्या खोलीतले ट्राम कंडक्टर हेर क्राउझे. त्यांना वाटलं कुणाचा तरी वाढदिवस आहे. 'येळकोट येळकोट जय मल्हार' त्यांनी इतक्या खड्या आवाजात म्हटलं की बापटाचा आवाज झाकला गेला. कंडक्टरच तो, आरोळी द्यायची सवय.

यांनी भंडारा उधळला. चित्राला काच नव्हती, ती बॉम्बच्या हादऱ्याने फुटलेली. हळद नेमकी घोड्याच्या पुठ्ठ्यावर बसली ती आजतागायत. नैवेद्याचा पहिला घास खंडोबाच्या कुत्र्याला द्यायचा, म्हणून मी दार उघडून फ्राऊ केलरच्या वाल्डीला हाक मारली. वाल्डीच्या मागून फ्राऊ केलर आल्या.

त्यांनी काय पाहिलं असेल? संत पॉलसमोर मेणबत्ती, तीन पुरुष हात जोडून, कधी चर्चची पायरी न चढणारे हेर क्राउझे डोळे मिटून. फ्राऊ केलर तिथेच गुडघ्यांवर बसल्या. त्यांच्या डोळ्यांना पाणी लागलं होतं, आई. आता त्यांना कोण आणि कसं समजावणार?

पुढच्या रविवारी त्या पाद्रीबाबांना घेऊन आल्या. यांचं जर्मन तेव्हा प्रयोगशाळेपुरतं. आम्ल, अल्कली, ऊर्ध्वपातन. कृपा आणि पश्चात्ताप हे विषय तिथे येत नसत. म्हणून पाद्रीबाबा काहीही म्हणाले की हे सभ्यपणे 'या, या, गेनाऊ', म्हणजे 'हो, हो, अगदी बरोबर', म्हणत राहिले. मी मध्ये पडून आमच्या कुलदैवताबद्दल सांगायचा प्रयत्न केला, तर ते कौतुकाने म्हणाले की ही बाई किती छान समजावते, नक्की नन्सकडे शिकली असणार. निघताना फ्राऊ केलरनी आमचा फोटो काढला. मध्ये पाद्रीबाबा, दोन्ही बाजूंना आम्ही, मागे घोडा.

आणि तो फोटो त्यांनी नाताळच्या कार्डात घालून, तुमच्या पार्सलावरचा पत्ता उतरवून, परस्पर सासवडला पाठवला. एका आईने दुसऱ्या आईला आनंदाची बातमी कळवावी तसा.

तुमचं उत्तर मला पाठ आहे. "चि. बाळूस आशीर्वाद. तुमची नावं बदलली असतील तर कळवणे, पाकिटावर काय लिहायचं ते ठरवता येईल." यापलीकडे एक अक्षर नव्हतं. शेवटी नेहमी असायची ती 'सौ. कुमुदला आशीर्वाद' ही ओळ त्या दिवसापासून बंद झाली. यांनी खुलाशाची पत्रं लिहिली. तुम्हाला वाटलं, सूनबाई सांगते तसं लिहितोय. वर्षं गेली. प्रत्येक पत्र आलं की मी आधी उलटून शेवट बघायची. एकदा तरी लिहायचं होतंत, आई. शाई कितीशी लागली असती?

मग मला दिवस राहिले आणि तुम्ही विमानात बसून फ्रांकफुर्टला आलात. सून बाळंत होणार म्हणून नव्हे, हे मला तेव्हाच माहीत होतं. नातवाला पाण्यात बुडवून नाव ठेवतील, त्याआधी पोहोचायचं होतं तुम्हाला. दारात पाऊल टाकलंत आणि पहिली नजर माझ्या गळ्यावर. मी स्वेटरची कॉलर खाली ओढून मंगळसूत्र दाखवलं. तुम्ही मान डोलावलीत आणि म्हणालात, "घोडा कुठाय?"

पलंगासमोर तुम्ही कमरेवर हात ठेवून उभ्या राहिलात. मागे हे, त्यांच्या मागे फ्राऊ केलर तुमच्यासाठी लोकरी सपाता घेऊन, त्यांच्या मागे वाल्डी. फ्राऊ केलर गोष्ट सांगू लागल्या. भाषांतर माझ्याकडे. माझ्या सासरच्या साऱ्या आयुष्याचा निकाल तिथे लागणार होता आणि तो मलाच दोन भाषांत वाचून दाखवायचा होता. वाटलं, थोडं सौम्य करून सांगावं. पण नाही. जसं आलं तसं सांगितलं. हा देवाच्या माणसांना छळायचा. घोड्यावर बसून निघाला होता. उजेड पडला, हा पडला. आवाज आला, मला का छळतोस? मग हाच सगळ्यात मोठा भक्त झाला.

तुम्ही पुढे झालात. घोड्याच्या पुठ्ठ्यावरच्या हळदीवरून बोट फिरवलंत.

"म्हणजे हा मणी," तुम्ही म्हणालात.

हे मागून म्हणाले, "मी हेच तर लिहीत होतो, राक्षस—"

"तू गप्प बस. कसला राक्षस? मणी ऋषींना छळायचा, खरं आहे. पण मल्हारीने पाडल्यावर त्याला अक्कल आली. स्वतःचा घोडा देवाला दिला आणि म्हणाला, मला तुझ्याजवळ ठेव. देवाने ठेवून घेतलं." मग घोड्याकडे बघून, "पांढरा हवा होता. यांच्याकडे मिळत नसेल."

मी फ्राऊ केलरना सांगितलं. त्यांनी विचारलं, म्हणजे घोडा त्याने देऊन टाकला? हो म्हटल्यावर चित्राकडे बघत म्हणाल्या, तरीच तो इतका शांत उभा आहे.

तुम्ही तरातरा कॉरिडॉरमध्ये गेलात. तोंड झाकणाऱ्या दाढीवाल्यापुढे थांबून निकाल दिलात, "आणि हा त्याचा भाऊ मल्ल. पडला तरी देवाकडे बघेना. याचं डोकं जेजुरीला पायरीशी आहे, लोक तुडवून जातात."

फ्राऊ केलर घाबरल्या. नाही नाही, हाही तोच, एकाच चित्रकाराने एकाच माणसाला दोनदा पाडलंय, असं मला पुन्हा पुन्हा सांगायला लागल्या. मी तुम्हाला सांगितलं. तुम्ही दोन्ही चित्रांमधल्या दारात उभ्या राहून एकदा इकडे, एकदा तिकडे बघितलंत.

"बरोबर आहे त्याचं," तुम्ही म्हणालात. "एका पडण्यात कोण सुधारतं?"

हे मी जर्मनमध्ये सांगितलं तेव्हा फ्राऊ केलर इतक्या हसल्या की वाल्डी भुंकायला लागला. तुम्हालाही हसू फुटलं. दोन विधवा एकमेकींचे दंड धरून हसत होत्या आणि मी मध्ये उभी होते, भाषांतराला काहीच उरलं नव्हतं.

त्या संध्याकाळी तुम्ही मला विचारलंत, "ही गोष्ट तुझ्या शाळेत शिकवली?" मी हो म्हटलं. "अजून काय काय शिकवलं?" लग्नाला इतकी वर्षं झाल्यावर पहिल्यांदा विचारलंत, आई! मी सांगत बसले, तुम्ही लसूण बाजूला ठेवलात. आंधळा झाला का तो? मग नीट दिसायला कधी लागलं? त्याच्या आईला हे कळलं का? या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर सिस्टर बर्नाडेटनीही दिलं नव्हतं.

मग तुम्ही कनवटीची पुरचुंडी सोडलीत. त्यात चांदीचा टाक होता, घोड्यावरचा खंडोबा आणि मागे म्हाळसा. बाळू अजून आपल्यातला असला तरच द्यायचा असं ठरवून आणला होता, हे तुम्ही लपवलं नाहीत. हे हात पुढे करून बसले. तुम्ही तो माझ्या ओंजळीत ठेवलात आणि यांना म्हणालात, "तुला देव कोण नि राक्षस कोण कळत नाही. हिच्याकडे राहू दे."

तुमच्या शेवटच्या आजारात मला येता आलं नाही. आमच्या अजयची परीक्षा, तिकिटं, सतराशे साठ कारणं. इतकं भीत का होतात, ते मी विचारायचं राहून गेलं. एकुलता एक मुलगा समुद्रापार गेला की आईला कसली कसली स्वप्नं पडतात, ते आता कळतंय. माझी लेक मीरा तर नुसती बर्लिनला गेलीय.

आता वाटणी ऐका, आणि मान्य नसेल तर स्वप्नात येऊन सांगा.

हळद लागलेला घोडा मीराला, बर्लिनला. तिचं घर चौथ्या मजल्यावर आहे, लिफ्ट नाही. अजयने वर चढवून द्यायचा. बहिणीची ओवाळणी म्हणून, कुरकुर न करता.

तुमच्या पायांवर असायची ती शाल अजयच्या मुलीला. ती मराठी समजते आणि उत्तर जर्मनमध्ये देते, पण थंडी दोन्ही भाषांत सारखीच वाजते.

ताम्हण मीराला. हेर क्राउझेंच्या नातवाने 'ते येळकोटवालं चित्र' म्हणून आमचा घोड्यासमोरचा फोटो मागितला आहे, तो त्याला.

कॉरिडॉरमधलं चित्र कुणालाच नको होतं. ते आम्ही दोघं नव्या घरात नेतोय. या वयात एखादं पडणं अजून शिल्लक असेल, तोंड झाकलेला सोबतीला बरा.

आणि टाक उल्रिकेला. अजयची बायको, हो. ती दर रविवारी चर्चच्या गायनमंडळात गाते, पुढेही गाईल. अजयने विचारलं, तिलाच का? मी म्हटलं, तू तुझ्या वडिलांवर गेलायस. उल्रिकेने मात्र एवढंच विचारलं की चांदी कशाने घासायची. मी सांगितलं, रांगोळीने. तिने दोनदा म्हणून पाठ केलं.

चंपाषष्ठीला मी तिच्याकडे वांगी घेऊन जाईन. आता ती इथल्या तुर्की दुकानात ढिगाने मिळतात. भरीत ती करेल. कमी-जास्त झालं, मंत्र चुकला, नैवेद्य आधी कुत्र्याला की देवाला याचा घोळ झाला, तरी मी तोंड उघडणार नाही. तिने विचारलं तर सांगेन, नाही विचारलं तर जेवून उठेन. हे वचन तुम्हाला, आई. पाळणं किती कठीण जाईल ते तुमच्याइतकं कुणाला माहीत?

तुमची,
कुमुद