पैठणच्या हत्तीचा डायनोसॉर केला

प्रिय शैला,

गेलेल्या माणसांशी बोलायची सवय तुझ्या माहेरच्यांना. मला ती कधीच नव्हती. तू गेल्यावर तुझ्या फोटोशीसुद्धा मी बोललो नाही. पण गेल्या महिन्यात एका सिनेमाच्या शेवटी तुझं नाव पांढऱ्या अक्षरांत खालून वर सरकत गेलं. ‘वैज्ञानिक सल्लागार’ म्हणून. तेव्हापासून कुणाशी तरी भांडावंसं वाटतंय, आणि या विषयावर भांडायला तुझ्याखेरीज माझं आहे कोण?

मला नसरीननं फोन केला होता. तुझी ती विद्यार्थिनी आता तुझ्याच विभागात भूशास्त्र शिकवते. काका, मॅडमचं नाव आलंय, पण तुम्ही सिनेमा बघू नका, असं ती म्हणाली. असं सांगितल्यावर कोण थांबतं? मी त्याच दिवशी दुपारच्या खेळाला गेलो.

तो दिग्दर्शक तुला आठवत असेलच. त्याचं नाव लिहून त्याला मोठं करत नाही. तुझे उपचार चालू होते, डोक्याला रुमाल होता, तरी छावणीतल्या आपल्या घरी तू त्याला दोन दुपारी दिल्यास. चहा मी करत होतो, म्हणून सगळं ऐकलं. मराठीतला पहिला डायनोसॉरचा सिनेमा काढतोय, म्हणाला. वेरूळच्या डोंगरात हाडं सापडतात असं दाखवलं तर चालेल का, असंही विचारलं.

तू किती शांतपणे समजावलंस त्याला! हा डोंगर म्हणजे थिजलेला लाव्हा, तो वाहत होता तेव्हा डायनोसॉरांचे शेवटचे दिवस चालले होते, आणि उकळत्या दगडात कुणाचं हाड टिकत नाही. तो माना डोलवत होता. मग तू म्हणालीस, “डायनोसॉरच हवा असेल तर नर्मदेकडे जा. माझ्याकडे पैठणला एक हत्ती आहे, आणि तो पुरेसा आहे.”

हत्ती तर आजही असतात, त्यात प्रेक्षकांना काय, असं त्यानं विचारलं. तू कपाटातून ती दगडी हातकुऱ्हाड काढून त्याच्या तळहातावर ठेवलीस. तासलेली, एका बाजूनं धारदार. हत्तीच्या सुळ्याशेजारी त्याच वाळूत मिळालेली. हजारो वर्षांपूर्वी गोदावरीच्या त्या पाण्यावर हत्ती आला तेव्हा कुणीतरी माणूस हे हत्यार घेऊन जवळच कुठंतरी होता, हे तू सांगितलंस तेव्हा माझ्या हातातला ट्रे तसाच राहिला. त्या गृहस्थानं दगडाचा मोबाइलवर फोटो काढला आणि दगड टीपॉयवर ठेवून दिला. तो गेल्यावर तू एवढंच म्हणालीस, “याला फक्त दात हवेत.”

मग लिहून झालेली गोष्ट त्यानं पाठवली. तू ती वाचलीस आणि फोन करून सांगितलंस की यात माझं नाव येता कामा नये. मी शेजारीच बसलो होतो. तुझा आवाज थकलेला होता, पण शब्द एकही पुसट नव्हता.

एक मात्र विचारू का? हत्ती सापडला त्या ओढ्याचं, त्या गावाचं नाव तू त्याला कशाला सांगितलंस? लोकांनी बघितलं तर लोक जपतील, असं तुला वाटायचं. वर्गातल्या मुलांवर ठेवायचीस तो विश्वास तू सगळ्या जगावर ठेवायचीस. मी बँकेत आयुष्य काढलं, मला विचारलं असतंस तर?

सिनेमा काय सांगू! नायक शास्त्रज्ञ आहे, म्हणजे त्याच्या जाकिटाला पुष्कळ खिसे आहेत. तो ब्रश दोनदा फिरवतो आणि नाकापासून शेपटीपर्यंत आख्खा सांगाडा वर येतो, ताटात वाढलेल्या माशासारखा. हाडं पांढरीशुभ्र, धुऊन वाळत घातलेली. मागं लेण्यात एक अंडं आहे, ते लाव्ह्यात राहूनही शिजलेलं नाही. त्यातून पिल्लू निघतं आणि डोळे उघडताच त्याला माणूस खावासा वाटतो. सहा-साडेसहा कोटी वर्षं उपाशी होतं, तेव्हा त्याला माफ केलं.

पण मोठं झाल्यावर ते करतं काय? डरकाळ्या फोडतं. धावायच्या आधी डरकाळी, चावायच्या आधी डरकाळी, चावा हुकल्यावर पुन्हा. असले सिनेमे टीव्हीवर लागले की तू म्हणायचीस, ओरडत शिकारीला जाणारं जनावर आठवड्यात उपाशी मरेल. तू म्हणायचीस की जनावराचा बहुतेक दिवस खाण्यात आणि पेंगण्यात जातो, आणि ते बघण्यासारखं असतं. या मंडळींना तेवढा धीर कुठला? एवढ्या मोठ्या काळातून त्यांनी निवडलं काय, तर तोंड. बाकीचं जनावर त्या तोंडाला मागून चिकटवलेलं.

आणि तुझा हत्ती? तुझ्या सुळ्याचं त्यांनी नख केलंय. नायिका तो उचलून म्हणते, हे त्याचं एक नख आहे, आणखी अंडीही इथंच असणार. मागं तोच ओढा, पडद्यावर गावाच्या नावाची पाटीसुद्धा. त्यानंतर काही वेळानं तुझं नाव. आडनावाची वेलांटी चुकलेली.

मी एवढ्यावर गप्प बसलो असतो बहुधा. पण सर्जेरावांचा फोन आला. तो ओढा ज्यांच्या रानातून जातो, तू कामाला गेलीस की आधी जेवायला बसवणारे, तेच सर्जेराव. म्हणाले, “साहेब, बाईंची दरड फोडायलेत लोकं. अंडं हुडकायलेत. मी एकटा किती हाकलू?”

नसरीनला घेऊन निघालो. चितेगावला कंपन्यांची सुट्टी झालेली, बसेसच्या रांगेत अडकलो. पोचलो तर तुझ्या ओढ्याची दरड कुदळीपहारींनी खरवडलेली, जागोजागी खड्डे. घाईनं ओढला तर भुगा होईल म्हणून तू सुळा जागेवरच ठेवला होतास, वर माती लोटून. त्याचा पुढचा भाग कुणीतरी उचकटला होता. अंडं नाही म्हटल्यावर तुकडे तिथंच टाकून दिलेले, बिस्किटांच्या पुड्यांशेजारी.

शहरातून आलेला एक गृहस्थ अजून खणतच होता. बायको छत्री धरून उभी. नसरीननं त्याला थांबवलं तर तो रागावला नाही, उलट गोंधळला. म्हणाला, “मॅडम, पिच्चर में तो इधरच निकला था.”

त्याच्यावर मला चिडता येईना. शैला, त्यानं विश्वासच ठेवला होता की. माझा सगळा तिरस्कार परत त्या पांढऱ्या अक्षरांकडे गेला.

पुढचे दिवस नसरीन आणि तिचे विद्यार्थी तिथं राबले. गोणपाटाच्या पट्ट्या प्लास्टरमध्ये भिजवून उरलेल्या सुळ्याला गुंडाळल्या, मोडलेल्या हाताच्या प्लास्टरसारखं ते वाळू दिलं, मग खालची माती हळूहळू सोडवली. सर्जेरावांनी ट्रॉलीत कडबा अंथरला आणि ट्रॅक्टर स्वतः चालवला, बैलगाडीच्या चालीनं. अर्ध्याहून जास्त सुळा वाचलाय. कॉलेजात आहे. तुकडे नसरीन जोडतेय.

दिग्दर्शकाला मी फोन केला. तो म्हणाला, काका, तुम्ही भावनिक झालात, मॅडमना ती आमची आदरांजली आहे. दुसऱ्या भागात त्यांचा फोटोही टाकू, म्हणाला. दुसरा भागही येतोय, ऐकलंस?

मी म्हटलं, “तिनं नको म्हटलं होतं. माणूस गेलं म्हणून त्याचा नकार होकार होत नाही.”

त्यानं फोन ठेवला. मग मी रोज फोन करत राहिलो. कर्जदारांना करायचो तसा, सभ्यपणे आणि न चुकता. शेवटी त्याच्या ऑफिसातून निरोप आला की थिएटरमधलं आता बदलता येणार नाही, पण घरी बघायची जी प्रत येईल तिच्यात नाव नसेल.

काल ती आली. खात्री करायला मी पूर्ण सिनेमा पुन्हा बघितला. अखेर नावं सुरू झाली. गाड्यांचे ड्रायव्हर, चहावाले, केशरचनावाल्या बाई, सगळे गेले. तुझी जागा आली तेव्हा तिथं काहीच नव्हतं. आधीची ओळ आणि नंतरची ओळ, मध्ये फटसुद्धा नाही.

जिंकलो होतो ना मी? मग टीव्ही बंद का करवेना? बायकोचं नाव पुसायला एवढा भांडलेला नवरा दुसरा नसेल. त्या रिकाम्या पडद्यासमोर मी पहिल्यांदा रडलो. तू गेलीस त्या दिवशीही रडलो नव्हतो. बघायला येणाऱ्यांची व्यवस्था बघत होतो.

सर्जेरावांनी ओढ्याला तारेचं कुंपण घातलंय, तरी लोक येतातच. दुसरा भाग आला की आणखी येतील. तेव्हा हे माझं वचन समज. दर रविवारी मी तिथं जाऊन बसेन. गुडघे दुखतात, उतार अवघड आहे, पण सर्जेराव हात देतात. जो येईल त्याला दरडीतले थर दाखवेन, मला येतात तेवढे. चुकलो तर नसरीन सुधारेल. आणि हे कुणी शोधलं असं त्यानं विचारलं, की तुझं नाव घेईन. आपल्या लग्नात उखाण्यातही इतक्या मोठ्यानं घेतलं नव्हतं.

तुझा,
मधुकर