नि आणि गं

खाणीवरून, पुण्याजवळ
५ फेब्रुवारी २०२४

ती. कौमुदीताईस,
निरंजनचा सा. न. वि. वि.

माझ्या मोबाइलवर दगड पडून त्याचा चुरा झाला, म्हणून हा कागद. गंधालीले पोरगी झाली हे ठेकेदाराच्या फोनवर कळलं. साडेसात महिन्यांची, काचेच्या पेटीत ठेवली म्हणे. लपवू नको, खरं लिही. सुट्टी मागितली तर ठेकेदार म्हणतो जा, पण मग परत येऊ नको.

बारसं चौदाला. आत्या तू, कानात नाव तूच सांगणार. तू तर यादी घेऊन अर्थ काढत बसली असशील. माझ्या नावाचा अर्थ तूच सांगितला होता, डाग नसलेला. इथं येऊन पाहा, दगडाच्या धुळीनं मी भुवयांपर्यंत पांढरा आहो!

काल काळ्या दगडाच्या पोकळीत निळेभोर काटे सापडले, मोराच्या मानेसारखे. व्यापारी म्हणे लई दुर्मिळ, नाव कॅव्हनसाइट. अर्थ विचारला तर हसला. कॅल्शियम, व्हॅनेडियम, सिलिकेट. आत जे आहे त्याचीच अक्षरं जोडली. मले पटलं. आपल्या पोट्टीच्या आत कोण? निरंजनचा नि, गंधालीचा गं. निगं! अर्थबिर्थ काही नाही. हसू नको.

आईले नमस्कार. माया पातळ होऊ देऊ नको.
तुझा निरंजन

रायपूर
१२ फेब्रुवारी

चि. निरंजनास अ. आ.

शनिवारी संध्याकाळी पोट्टी गेली, हे आईनं फोनवर सांगितलंच. जे तिनं सांगितलं नाही, ते मी लिहून राहिली.

तुझं पत्र त्याच सकाळी आलं. दवाखान्यात गंधालीले वाचून दाखवलं. बाळंतपणानंतर ती पहिल्यांदा हसली. मले राहवलं नाही. बारशाची वाट न पाहता पेटीच्या भोकाशी तोंड नेलं आणि म्हटलं, निगं. तिनं डोळे उघडले रे! नर्सदीदी म्हणे, आजवर उघडलेच नव्हते. मग मी म्हणतच राहिली, निगं, निगं.

मागून आई आली. तिनं विचारलं, पोट्टीले काहून निंग निंग करून राहिली. तेव्हा मले उमजलं. आपल्या घरी 'जा' म्हणायले 'निंग'च म्हणतात, हे पुण्याकडं राहून तू विसरला, आणि हसण्याच्या भरात मले सुचलं नाही. दिवे लागायच्या आत ती निंगाली.

आई माझ्याशी बोलत नाही. जन्माच्या फॉर्मवर नावाच्या जागी 'बेबी ऑफ गंधाली' आहे, तेच राहू दे. तुझं पत्र खारुन नदीत सोडते.

जिवाले जप. रागावला तरी लिहीत जा.
तुझी ताई

खाणीवरून
१७ फेब्रुवारी

ती. ताईस सा. न.

पत्र सोडू नको. आधी मीही तुलेच शिव्या दिल्या, खोटं कशाले बोलू. मग ठेकेदाराच्या फोनवर डॉक्टरले विचारलं. फुफ्फुसं तयारच नव्हती, पहिल्या दिवसापासून. आईले हे गंधालीच्या तोंडून सांगव, तुझं ती ऐकायची नाही.

तेवीस तारखेच्या गाडीनं येतो. ठेकेदाराले सांगून टाकलं, परत नाही येणार.

मी पोचेपर्यंत फॉर्म देऊ नको. नावाच्या जागी निगंच लिहायचं. लोक काय अर्थ काढतील ते काढोत. त्या नावाले तिनं डोळे उघडले, मग ते तिचंच. मी तिचं तोंड पाहिलं नाही, गंधालीले तिले पाजता आलं नाही. आपल्याकडून तिले दुसरं काही भेटलंच नाही, ताई.

दार उघडशील ना?
निरंजन