वाचून दाखवले, समजावून सांगितले

अण्णा,

करोल बागेतल्या आपल्या स्वयंपाकघरात तुम्ही मला मराठी शिकवलीत. आई गेल्यावर पोळ्या तुम्हीच लाटायचात, आणि पोळपाट उचलला की त्याच टेबलावर कोर्टाचे कागद यायचे. दुभाषी म्हणून तुम्ही सगळी नोकरी काढलीत. मी शाळेतून हिंदी घेऊन घरी यायचे आणि तुम्ही एकेक शब्द बदलून घ्यायचात. ‘नुसतं वाचून दाखवून भागत नाही,’ तुम्ही म्हणायचात, ‘समोरच्याने त्याच्या शब्दांत परत सांगितलं पाहिजे. तोवर सही करायची नाही.’

पुढे मी ज्या ऑफिसात लागले तिथून स्थानबद्धतेचे हुकूम निघत. सोन्याच्या तस्करीचा संशय असला तर खटला न चालवता माणसाला वर्षभर आत ठेवता येई. फक्त का ठेवलं ते ठरलेल्या दिवसांत, त्याला समजेल अशा भाषेत सांगावं लागे, आणि त्याविरुद्ध अर्ज करता येतो हेही. घटनेने त्याच्या हातात ठेवलेलं ते एवढंच. बाजार खुला होत होता, सोन्याचे नियम सैल होणार असं जो तो म्हणत होता, पण हुकूम निघतच होते. त्यात एक हुकूम सांगलीकडच्या माणसाचा आला. करोल बागेतच त्याची भट्टी होती; जुने दागिने वितळवून तो शुद्ध सोनं काढून द्यायचा. कारणांची चाळीस पानं इंग्रजीत होती आणि मुदतीचा शेवटचा दिवस होता. साहेब म्हणाले, “आप तो मराठी हैं ना? बस, समझा दीजिए और साइन करा लीजिए।”

त्याच दिवशी नोएडात आमच्या फ्लॅटचा ताबा मिळायचा होता. हे तिथे तीन वाजल्यापासून थांबणार होते. तुरुंगाच्या ऑफिसात तो माणूस माझ्यासमोर बसलाय, पायांत चपला नाहीत, मराठी ऐकून त्याचा चेहरा एकदम उजळतो. “ताई, ह्यात काय लिहिलंय?” मी म्हणते, “सोन्याची केस आहे. बाकीचं वकील सांगतील.” अर्जाबद्दल मी अवाक्षर काढत नाही. तो शेवटच्या पानावर सावकाश, जोडाक्षरं जपत सही करतो. त्याखाली मी लिहिते : वाचून दाखवले, मराठीत समजावून सांगितले, समजले. सगळं मिळून दहा मिनिटं लागली असतील. चारच्या आत मी नोएडात होते.

पुढच्याच रविवारी त्याची बायको ते कागद घेऊन तुमच्याकडे आली. मराठी माणसांचे कागद तुमच्याकडे यायचेच. मला ते सुचलं कसं नाही? मी तुमच्याकडे आले होते, चहा ठेवत होते. शेवटचं पान आलं तसे तुम्ही थांबलात.

“ही सही तुझी?”

“हो.”

“सगळं वाचून दाखवलंस? त्याला कळलं?”

“हो, अण्णा.”

तुम्ही चष्मा सारखा केलात आणि त्या बाईंना म्हणालात, “मग भाषेचा मुद्दा सोडा. माझ्या मुलीने सांगितलंय म्हणजे नीट सांगितलं असणार. आपण दुसऱ्या मुद्द्यांवर अर्ज करू.” त्या माझ्याकडे बघून हसल्या. आपलं माणूस भेटलं म्हणून. अर्ज तुम्हीच लिहिलात, दोन दिवस बसून. तो फेटाळल्याची चिठ्ठी माझ्याच टेबलावरून गेली. अशाच दुसऱ्या एका केसमध्ये कारणं समजेल अशा भाषेत दिली नाहीत म्हणून कोर्टाने माणसाला सोडलं, तो निकाल मी ऑफिसात वाचला. तुम्हाला सांगितला नाही. तेव्हाही वेळ गेली नव्हती. त्याचे सात महिने बाकी होते.

वर्ष भरल्यावर तो तुमचे आभार मानायला आला. भट्टी दुसऱ्याने घेतली होती, बिऱ्हाड गावी निघालं होतं. मीही तेव्हा तुमच्याकडे आले होते. तुम्ही सहज विचारावं तसं विचारलंत, “तुम्हाला हिने सगळं वाचून दाखवलं होतं ना?” त्याने माझ्याकडे पाहिलं. मला वाटतं, मला बोलायला त्याने वेळ दिला. मग म्हणाला, “व्हय की. ताईंनी समदं सांगितलं.” तुम्हाला वाकून नमस्कार करून तो गेला. कपबशा विसळताना तुम्ही एवढंच म्हणालात, “चांगला माणूस आहे.” ते मला उद्देशून होतं की नव्हतं, हे मी तुम्ही असेपर्यंत विचारलं नाही. त्यानंतर तर्जुम्यातला अडलेला शब्द तुम्ही मला कधी विचारला नाहीत, की मलाच तसं वाटत राहिलं, कोण जाणे.

त्याने खोटं का सांगितलं असेल? ऑफिसच्या धाकाने, असं मी बरीच वर्षं स्वतःला सांगत आले. आता वाटतं, म्हाताऱ्या बापासमोर मुलीची लाज जाऊ नये म्हणून. त्याने ती जपली, आणि मी जपू दिली.

खरं तर हे पत्र त्याच्या नावाने लिहायला हवं. गाव मला माहीत आहे, आमच्याच फायलीत होतं. तिकडे विचारलं तर पत्ता कळेल. तुम्हाला लिहिलं, कारण तुमच्याकडून उत्तर येणार नाही.