लंब्याच्या सिनेमावरचे माझे उपकार

३ फेब्रुवारी
बातमी पक्की. स्टुडिओतल्या मेकअपमनने दुजोरा दिला. निर्मात्याने लंब्याची पटकथा घेतली. लंब्या म्हणजे माझा कॉलेजातला मित्र, पूर्वी माझ्याच टेबलाच्या दुसऱ्या टोकाला बसून साबणाच्या जाहिराती खरडायचा. माझी पटकथा त्याच निर्मात्याकडे कधीपासून विचाराधीन आहे. म्हणजे तिच्यात विचार करण्यासारखं काहीतरी आहे. लंब्याच्या पटकथेवर विचारच करावा लागला नाही, यातच काय ते आलं.
अभिनंदनाचा मेसेज टाइप केला. नेट स्लो, म्हणून पाठवला नाही.

४ फेब्रुवारी
जेवण गेलं नाही. अ‍ॅसिडिटी. बायको म्हणाली, भावजींचं काही चांगलं झालं की तुम्हाला नेमकी अ‍ॅसिडिटी कशी हो होते?
बाईमाणसाला तब्येतीतलं कळत नाही.

९ फेब्रुवारी
लंब्या घरी. पटकथा पुढ्यात टाकून म्हणाला, लेका, तुझ्याशिवाय कुणावर भरवसा नाही, बिनधास्त चिरफाड कर.
वाचली. शेवटी बापाच्या तोंडी लांबलचक भाषण आहे. दुर्दैवाने चांगलं आहे.

१० फेब्रुवारी
कलेत दयामाया नाही. लंब्याला सांगितलं, भाषण काढ, बापाला गप्प बसव. नायिकेची बहीण उडव. गाणी काप. प्रेक्षक खुर्चीत घोरायला लागेल, अशी मी जातीने व्यवस्था केली.
लंब्याचे डोळे भरून आले. म्हणाला, टायटल्समध्ये तुझं नाव टाकतो. माझी पाचावर धारण बसली. पडणाऱ्या सिनेमावर माझं नाव? त्याला आईची शपथ घालून बजावलं, हे कुणाला सांगायचं नाही, निर्मात्याला तर मुळीच नाही.
म्हणाला, किती रे मोठं मन तुझं!
खरं आहे.

२२ ऑगस्ट
प्रीमियर. शेवटी बाप एक अक्षर न बोलता मुलाच्या शर्टाला बटण शिवत बसतो. थिएटर चिडीचूप. म्हटलं, झोपले सगळे. दिवे लागले तर जो तो डोळे पुसतोय. शेजारची बाई हमसून हमसून रडत होती. बायकोच होती.

२४ ऑगस्ट
पेपरात त्या शांततेवर दोन कॉलम. शांतता माझी आहे!

३० ऑगस्ट
निर्मात्याला गाठून सरळ सांगितलं, भाषण मी काढायला लावलं. म्हणाला, काल मेकअपमनही हेच सांगत होता, भाषण म्हणे त्याने काढायला लावलं. मग त्याने लंब्याला फोन लावला, स्पीकरवर. लंब्या म्हणाला, छे हो, ह्याने तर पटकथा वाचलीसुद्धा नाही.
नंतर मला वेगळा फोन करून म्हणाला, बघितलंस? शपथ मोडली नाही.

२ सप्टेंबर
माझी पटकथा मंजूर!! निर्मात्याचा स्वतः फोन. शेवटी गुणाला मरण नाही. किरकोळ अट एकच. माझी पात्रं फार बोलतात म्हणे, आणि शांततेतलं लंब्याला जास्त कळतं, तर त्याच्याकडून दुरुस्त करून घ्यायची.
मी ठाम आहे. एक ओळ कापू देणार नाही.

५ सप्टेंबर
लंब्याचा फोन. पहिला अर्धा भाग त्याने काढूनच टाकलाय. मी कडक शब्दांत म्हटलं, बरं.
उद्या सकाळी येतोय. म्हणाला, लेखक म्हणून कुणाचं नाव टाकायचं, तेही निवांत बोलू.