कुट्टीची पाती आणि आबांचा अंगठा

५ जानेवारी

चारा बारीक करायच्या कुट्टी मशीनची पाती गेली. उसाचं वाढं घातलं की तोडत नाही, नुसतं चघळतं. दुसऱ्या बाजूनं हातभर लांब दोऱ्या बाहेर. चंद्री गाईनं निम्मं गव्हाणीत तसंच ठेवलं आणि माझ्याकडं असं बघितलं, जसा काही स्वयंपाक मीच बिघडवलाय. बाकीच्या दोघी गरीब. देईल ते खातात.

आबांना सांगितलं. सासरेबुवा लगेच खूश. "नवी पाती आण. लाईट गेली की बसवतो."

ही त्यांची पद्धत. मशीन घरात आल्यापासून पाती तेच बदलतात आणि लाईट गेल्यावरच बदलतात. बटण मात्र चालूच. लाईट गेली की मशीन आपोआप थांबतं, मग बटण कशाला दाबायचं, असा हिशेब. मध्येच आली तर, असं विचारलं की म्हणतात, "येत न्हाय. टायम ठरल्याला हाय." सगळ्या वस्तीची हीच पद्धत. मला प्रत्येक वेळी धाकधूक होते. या वेळी जास्तच होतेय, कारण आबांचा हात हल्ली थरथरतो. चहाची बशी वाजते.

६ जानेवारी

हे काल रात्री टँकर लावून घरी आले. आज गाडीवर भिगवणला गेलो. इकबालभाईंच्या दुकानात पाती घेतली. जोडीच घ्या म्हणाले, एक नवं एक जुनं बसवलं की चाक एका अंगाला ओढतं, मशीन नाचतं. बोल्टही नवे घेतले. मी हातमोजे मागितले, जाड, चामड्याचे.

इकबालभाई म्हणाले, "मशीन कोण खोलतं?"

"आबा."

"अजून?"

एवढंच म्हणाले, पण मला बरं वाटलं. मी एकटीच भित्री नाही.

येताना ह्यांना म्हटलं, तुम्ही सांगा ना आबांना, आता पुरे म्हणून. तर म्हणे, "तू सांग. सुनेचं ऐकत्यात ते." टँकर घाटातून नेणारा माणूस, बापासमोर मांजर होतो. मग विषय बदलायला मासे घेतले. कालवण चांगलं झालं. आबांनी दोनदा घेतलं. हातमोजे बघून मात्र हसले. "मोजं घालून धार कशी कळायची?"

७ जानेवारी

लाईट गेली नाही.

नको तेव्हा दिवस दिवस नसते आणि आज हलायचं नाव नाही. आबा सकाळपासून गोठ्यात पान्हा घेऊन बसलेले. दुपारी जेवायला उठले, परत जाऊन बसले. मी म्हटलं, "आबा, प्लग काढला की लाईट गेल्यासारखंच की."

"न्हाय."

"का?"

"प्लग माणूस लावतो. कुणीबी येतंय आन् लावतंय. लाईट सरकार घालवतं. ती कुणी मदीच आणत न्हाय."

सरकारवर एवढा भरवसा ठेवणारा माणूस आमच्या वस्तीवर दुसरा नाही. पण बोलण्यात अगदीच काही नाही असंही नाही. गेल्या पावसाळ्यात मीच मोटार बंद दिसली म्हणून कुणाला न विचारता प्लग लावला होता आणि हे विहिरीवर पाइप सोडवत होते. तेव्हा मला शिव्या बसल्या होत्या. आबा विसरलेले नाहीत.

संध्याकाळी विळ्यानं तोडून घातलं. पाठ गेली.

८ जानेवारी

नीट लिहून ठेवते.

सकाळी दहाच्या सुमारास लाईट गेली. आबा तयारच होते. मी शेणाची पाटी घेऊन जाताना बघितलं, बटण चालूच. आबांची माझ्याकडं पाठ. दाराआडच्या बोर्डातला प्लग मी हळूच काढला. बोलले नाही. बोलले असते तर वाद, आणि वादात त्यांनी परत लावला असता.

त्यांनी झाकण उघडलं. जुनी पाती सोडवली. बोल्ट गंजलेले, तेल सोडून सोडून काढले. हात थरथरत होता पण पान्हा बोल्टवर बसला की थांबायचा. मी उगाच झाडत उभी. मग नवं पातं कागदातून काढलं आणि अंगठा फिरवला.

"ह्याला धारच न्हाय."

परत फिरवला, दाबून. "इकबालनं फसवलं. बोथट माल."

पात्यावरून लाल ओघळ कागदावर पडला. मी म्हटलं, "आबा, रक्त."

"कुणाचं?"

असं म्हणाले आणि चंद्रीकडं वळून बघितलं. गाईला काही लागलं का ते बघत होते. मग माझ्या नजरेकडं बघितलं, मग स्वतःच्या अंगठ्याकडं. चांगला खोल कापलेला. चेहऱ्यावर दुखल्याची एक रेघ नाही.

मी फडकं आणायला वळले आणि तेवढ्यात गोठ्यातला दिवा लागला. पलीकडच्या घरात मिक्सर सुरू झाला. टायम ठरलेला होता म्हणे. आबांचा डावा हात अजून चाकावर होता. चाक गप्प.

त्यांनी दिव्याकडं बघितलं. मग बटणाकडं. मग वायर धरून नजर बोर्डापर्यंत नेली. प्लग खाली लोंबत होता.

उठले, हौदावर हात धुतला, मी फडकं बांधलं ते बांधू दिलं. मशीन उघडंच. एक नवं पातं तसंच बाहेर, दुसरं कागदात.

 

९ जानेवारी

रात्री रक्त थांबेना, म्हणून आज सकाळी सणसरला दवाखान्यात नेलं. टाके पडले. डॉक्टरांनी बोटांना बारीक सुई टोचून विचारलं, लागतंय? आबा प्रत्येक वेळी "व्हय, व्हय." मग डॉक्टर म्हणाले, डोळे मिटा. मिटले. आता "व्हय" चुकीच्या जागी यायला लागलं. डॉक्टर सुई मागं घेऊन नुसते बसले होते तेव्हाही एक "व्हय" आलं.

साखरेमुळं होतं म्हणाले. बोटांच्या टोकांची संवेदना जाते. उजव्या हाताची बरीच गेली आहे, डाव्याचं पुढच्या वेळी नीट बघू. तळपाय रोज बघत जा. गोळी वाढवली.

आबांना साखर आहे हे माहीत होतं. बोटांचं नव्हतं. मला वाटतं, त्यांना होतं. चहा चुलीवरून उतरला की गरम पेला ते उघड्या हातानं उचलतात आणि मी आल्यागेल्याला कौतुकानं सांगायचे, बघा आमच्या आबांचा हात. कसलं कौतुक केलं मी.

माझ्याशी बोलत नाहीत.

११ जानेवारी

अजून नाही. गाईमार्फत चाललंय.

"चंद्रे, तुज्या मालकिणीला सांग, पानी पायजे."

मी पाणी ठेवलं आणि म्हटलं, "चंद्रे, तुझ्या मालकाला सांग, गोळी पण ठेवलीय."

ह्यांना फोनवर सांगितलं तर हे हसत सुटले. त्यांना तिकडं हसायला काय जातंय. मशीन पोत्याखाली झाकून ठेवलंय, मी विळ्यानं तोडतेय, दूध कमी आलंय. मला रागही येतो आणि वाईटही वाटतं, दोन्ही एकदम, आणि कुठलं आधी करावं ते कळत नाही.

संध्याकाळी धार काढत होते. आबा मागं येऊन उभे राहिले.

"माज्या मागं प्लग काढलास. तोंडावर काढायचा."

"तोंडावर काढू दिला असता?"

बराच वेळ विचार केला. खरा विचार केला, उगाच नाही. मग म्हणाले, "न्हाय."

आणि गेले. पण या वेळी बोलायला चंद्री मध्ये नव्हती, हे खरं.

१४ जानेवारी, संक्रांत

सकाळी तिळगूळ दिला. घेतला, खाल्ला, गोड बोलण्याचं काही मनावर घेतलं नाही. साखर वाढेल म्हणून मी बारकी वडी दिली होती, त्याचाही राग असेल.

दुपारी ओट्यावर भाजी निवडत होते. आपणहून येऊन बसले आणि आपणहून बोलायला लागले. मेंढरं होती तेव्हाचं. मी लग्न होऊन आले तेव्हा मेंढरांचा वाडा नुकताच विकला होता, कातर मी कधी बघितली नाही. लोकर कातरताना डावा हात लोकरीत घालायचा म्हणाले, बोटं कातडीवर ठेवायची आणि बोटांच्या वरून कातर चालवायची. डोळ्यांनी बघायचं नाही. "लोकर कुठं सपती आन् कातडी कुठं लागती ते बोटाला कळायचं. माज्या हातून मेंढी कापली असं कुणी म्हनलं न्हाय. लांबून बोलवायची मला कातरायला."

मी म्हटलं, "आणि आता?"

बांधलेला अंगठा मांडीवर ठेवून बघत बसले.

"तू मोजं आनलंस. मी हसलो. आता बिनमोज्याचं बी मोजं घातल्यावानीच हाय."

कधीपासून, विचारलं. पाऊसकाळापासून, म्हणाले. आधी बोटांना मुंग्या यायच्या, मग त्याही यायच्या थांबल्या. ह्यांना सांगितलं नाही, मला नाही. सांगितलं असतं तर पान्हा काढून घेतला असता, म्हणून. असता घेतलाच, मी म्हटलं. "मग," म्हणाले.

मला रडू आलं. मेथी निवडत निवडत रडले. त्यांनी दिसलं नाही असं केलं, हे बरं केलं.

१६ जानेवारी

लाईट सकाळपासून होती. चहा झाला. आबा म्हणाले, "चल."

"कुठं?"

"पाती बसवाय."

"लाईट हाय, आबा."

गोठ्यात गेले, बटण बंद केलं, बोर्डातला प्लग स्वतः काढला, वायर ओढत दारापर्यंत आणली. उलट्या घमेल्यावर बसले आणि प्लग मांडीवर घेतला. त्यावर दोन्ही हात ठेवले.

"आता लाव म्हनावं कुनाला लावायचाय त्यो."

मी हातमोजे घातले. चाकात लाकडाची पाचर मारली. आबा तिथून सांगत होते, मी करत होते. पात्याची धार फिरायच्या दिशेला. बोल्ट आधी सगळे हातानं लाव, मग पान्ह्यानं, एक ह्या टोकाचा, एक त्या टोकाचा. एकदम एकच आवळू नको, पातं तिरकं बसतं. माझा हात पात्याच्या पुढं गेला की तिथून "हात" एवढंच. तीन-चार वेळा "हात" झालं.

पातं आणि खालची पट्टी यांच्यात फट किती, तर लग्नपत्रिका सरकेल एवढी. कपाटातून धायगुड्यांच्या पोरीची काढली, जाड होती. मग बारीक अक्षरांची पातळ एक सापडली. बसली.

पाचर काढून चाक हातानं फिरवलं. मला काही कळलं नाही. आबा म्हणाले, "थांब. एक घासतंय." परत फिरवलं. "तिकडचं." खरंच, बघितलं तर केसभर टेकत होतं. बोल्ट जरा सैल केला, सरकवलं, परत आवळलं. आता नुसता वारा. कान त्यांचे शाबूत आहेत, कुठं काय शिजतंय तेही ऐकतात.

झाकण लावलं. अवजारं गोळा केली, फडकं मोजे सगळं. म्हटलं, "द्या आबा प्लग."

दिला नाही लगेच. "दम." म्हणाले आणि तसेच बसून राहिले. मीही बसले शेणकुटाच्या पाटीवर. घाई कसली होती. मग स्वतः उठून लावला, मला मशीनसमोरून बाजूला व्हायला सांगितलं, आणि बटण दाबलं.

वाढं चर्रकन बारीक. चंद्रीनं गव्हाण चाटून पुसून ठेवली. हिला आता कसली तक्रार सापडते बघू.

ह्यांना फोन केला. पाती बसवली म्हटलं. "आबांनी?" म्हणाले. मी म्हटलं, आम्ही.

२२ जानेवारी

टाके काढले. जखम भरलीय. सोमवारी बारामतीला मोठ्या डॉक्टरांकडं डावा हात दाखवायचाय, ह्यांनी सुट्टी काढलीय. आबा म्हणतात कशाला. आम्ही ऐकून घेतो.

तिसऱ्या प्रहरी चहाला हाक मारली तर ओ नाही. गोठ्यामागं सापडले. जुनी पाती गाठोड्यातून काढून बसलेले, धार लावून आणायची म्हणून. डोळे मिटलेले आणि डावा अंगठा पात्यावर, अगदी हलका. हाक मारली असती तर दचकले असते, म्हणून तशीच उभी राहिले.

पावलं ऐकली असणार. डोळे न उघडता म्हणाले, "बगतोय. हितं तरी काय उरलंय का."

"हाय?"

डोळे उघडले. पातं माझ्याकडं धरलं, मागच्या बाजूनं. "तू सांग, धार हाय का."

मी अंगठा लावला.

"उभा न्हाय फिरवायचा. आडवा. धार वलांडून जायचं, धारंवरनं न्हाय. दाबायचं तर अजाबात न्हाय."

आडवा फिरवला. काहीतरी कळलं, खरखर अशी. म्हटलं, "थोडी हाय."

"थोडी म्हंजी किती?"

सांगता येईना. परत फिरवला, परत सांगता येईना. आबा हसले नाहीत. "उद्या बग परत," म्हणाले. "रोज बगायचं. मग येतंय."

चहा गार झाला होता. परत तापवला, त्यांचा पेला मी आता फडक्यानं धरून देते. डाव्या अंगठ्याचं पुन्हा विचारलं. त्यांनी पेला फडक्यासकट घेतला आणि म्हणाले, "सोमवारी बगू."