नाका उघडा होता

रामल्ला

रिहाबताई,

तुझ्या लग्नाच्या दिवशी मी ‘नाका बंद आहे’ असा फोन केला होता. आपल्याकडे या कारणावर कुणी पुढचा प्रश्न विचारत नाही. तूही विचारला नाहीस. माझ्या वाटणीचा मक्लूबा भात मात्र संध्याकाळपर्यंत झाकून ठेवलास, असं आई म्हणाली.

निर्वासितांच्या छावणीतून शाळेत जाताना सैनिकांच्या त्याच तपासणी नाक्यावर तू माझा हात घट्ट धरायचीस. ‘मुनीर, दप्तर उघड, तोंड मिट. रडलास तर मी तुला ओळखत नाही, सांगून ठेवते!’

ताई, त्या दिवशी नाका उघडा होता. सैनिक सगळ्यांना सोडत होते. माझ्यापुढे सहाच माणसं उरली, आणि तिशीचा मी रडायला लागलो. तसाच मागे फिरलो.

हे पत्र धाडणार नाही.

तुझ्या ओळखीचा नसलेला,
मुनीर